सॉफ्टवेअर मारून मिळेल

मराठीत ‘मारणे’ या क्रियापदाइतकं कष्टाळू क्रियापद दुसरं नसावं. आपण शिक्का मारतो, सही मारतो, सायकलच्या चाकात हवा मारतो, शाळेला दांडी मारतो आणि उरलेल्या वेळात गप्पा मारतो. बँकेच्या नोकरीत छत्तीस वर्षं मी स्वतः दिवसाला शंभरएक सह्या मारल्या. पण ‘सॉफ्टवेअर मारणे’ हा प्रयोग मी पहिल्यांदा वाचला तो २०१८ सालच्या जूनअखेरीला, पुण्याच्या तपकीर गल्लीत. चार फूट रुंदीच्या एका दुकानाच्या काचेवर स्केचपेनने लिहिलेली पाटी होती : ‘सॉफ्टवेअर मारून मिळेल.’ बाहेर पाऊस होता, माझ्या खिशात मेलेला फोन होता आणि त्या फोनमध्ये माझी बहीण होती.

शेवटचं वाक्य कादंबरीकाराच्या सवयीने लिहिलं गेलं खरं. पण ते खोटं नाही.

आक्का माझ्यापेक्षा चौदा वर्षांनी मोठी. कराड तालुक्यातल्या आमच्या गावात पिठाची गिरणी यायच्या आधी तिने पुष्कळ वर्षं जातं ओढलं. तिला ओव्या किती येत होत्या, हे तिलाही ठाऊक नव्हतं. जात्याच्या खुंट्याला हात लागला की त्या यायच्या, एरवी नाही. निवृत्तीच्या आदल्या वर्षी, २०१६ साली, मी साडेआठ हजारांचा एक मोबाइल घेतला. दोन हिवाळे गावी जाऊन राहिलो आणि पडवीतलं जुनं जातं धुऊन-पुसून आक्काला त्याच्यासमोर बसवलं. ती नुसतं रिकामं जातं फिरवायची आणि गायची. त्रेसष्ट ओव्या झाल्या. मधूनमधून तिचा खोकला, कोंबड्यांना हाकलणं, आणि ‘सुरू झालं का रे तुझं यंत्र?’ हा प्रश्न. २०१८ च्या जानेवारीत आक्का झोपेतच गेली.

त्यानंतर पाच महिन्यांनी फोनने एके दिवशी विचारलं, ‘नवी आवृत्ती आली आहे, घेऊ का?’ मी ‘हो’ म्हटलं. पडद्यावर अँड्रॉइडचं ते हिरवं बाहुलं पोट उघडं टाकून आडवं झालं. त्याच्या पोटात काहीतरी फिरू लागलं. दहा मिनिटं झाली, वीस झाली. मला वाटलं, अडकलं. बँकेत संगणक अडकला की आम्ही जे करायचो तेच मी केलं. बाजूचं बटण दाबून धरलं आणि फोन बंद केला. शस्त्रक्रिया चालू असताना रुग्णाला टेबलावरून उठवण्याचाच हा प्रकार! पुन्हा सुरू केला तर कंपनीचं नाव आलं, गेलं, पुन्हा आलं, पुन्हा गेलं. तासाभराने बॅटरी संपेपर्यंत तेच चाललं होतं. कंपनीचा यात दोष नाही, म्हणून तिचं नाव लिहीत नाही. चूक माझी होती.

अधिकृत दुरुस्ती केंद्रात गेलो. काउंटरवरची मुलगी सभ्य होती. तिने एक छापील कागद पुढे केला. ‘फोनमधील माहिती नष्ट झाल्यास आमची जबाबदारी नाही,’ अशा अर्थाचा मजकूर होता. मी विचारलं, ‘नष्ट झाल्यास की होणारच?’ ती म्हणाली, ‘होणारच सर. आमची पद्धतच तशी आहे.’ आयुष्यभर लोकांकडून न वाचता सह्या घेतलेला मी, त्या दिवशी मात्र कागद वाचला आणि सही न करता परत आलो.

घरी आल्यावर सौ.ने एकच प्रश्न विचारला, ‘दुसरी प्रत नव्हती?’

या प्रश्नाचं उत्तर द्यायला मला आजही लाज वाटते. नव्वदच्या दशकात आमच्या शाखेत लेजर पोस्टिंग मशिन आली तेव्हा रोज संध्याकाळी दिवसभराच्या कामाची फ्लॉपीवर प्रत काढायची, तिची नोंद रजिस्टरमध्ये करायची आणि एक प्रत शाखेच्या बाहेर ठेवायची, असा नियम होता. त्या रजिस्टरवर रोज सही करणारा अधिकारी मी होतो. एका कारकुनाने दोन दिवस प्रत काढली नाही म्हणून मी त्याला मेमो दिला होता. तोच मी, आक्काचा आवाज एकाच फोनमध्ये दोन वर्षं घेऊन हिंडत होतो!

तर तपकीर गल्ली. पासोड्या विठोबाच्या परिसरातली ही गल्ली म्हणजे विजेच्या वस्तूंचं आगर. मुंबईकरांना लॅमिंग्टन रोड सांगितला की कळेल. पालख्या आठवड्याभराने पुण्यात यायच्या होत्या. दुकानातला मुलगा पंचविशीचा असेल. समोर एक जुना डेस्कटॉप, त्याला डझनभर वायरी, प्रत्येकीच्या टोकाला एकेक फोन. अतिदक्षता विभागच जणू.

‘काका, लोगोवर अडकलाय. सॉफ्टवेअर मारावं लागेल,’ त्याने एका नजरेत सांगितलं.

‘आतला डेटा?’

‘कसं मारायचं त्यावर आहे,’ तो म्हणाला. त्या उत्तरानेच मी तिथल्या स्टुलावर बसलो, तो अडीच तास उठलो नाही.

त्याने मला जे समजावलं आणि नंतर मी वाचून पडताळलं, ते आमच्या बँकेच्या भाषेत सांगतो. बँकेची इमारत, काउंटर, तिजोरी हे झालं हार्डवेअर. ग्राहकांची खाती हा डेटा. आणि या दोहोंच्या मध्ये असतं नियमांचं जाडजूड पुस्तक : दार किती वाजता उघडायचं, आधी कोणती किल्ली लावायची, चेक कसा वटवायचा. हे पुस्तक म्हणजे फर्मवेअर. हा शब्द अॅशर ऑप्लर या अमेरिकन संगणकतज्ज्ञाने १९६७ साली ‘डेटामेशन’ मासिकात पहिल्यांदा वापरला. हार्डवेअर आणि सॉफ्टवेअर यांच्या मधलं, म्हणून फर्म. काटेकोर लोक फोनचं फर्मवेअर आणि ऑपरेटिंग सिस्टीम यांत फरक करतात. दुकानात त्या सगळ्या गाठोड्याला नुसतं ‘फाइल’ म्हणतात.

माझ्या फोनमध्ये या पुस्तकाची नवी आवृत्ती लिहिली जात असताना मी मध्येच दिवा घालवला होता. आता रोज सकाळी पहारेकरी दार उघडतो, पहिलं पान वाचतो, दुसरं पान अर्धवट आहे असं बघून दार लावून घेतो आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करतो. लोगो येतो-जातो तो यामुळे. तिजोरीतली खाती मात्र जशीच्या तशी असू शकतात. पुस्तक तेवढं नवं आणून ठेवायचं, तिजोरीला हात लावायचा नाही, हीच त्या मुलाची कारागिरी.

‘फ्लॅश’ या शब्दाची कथाही गोड आहे. फोनमधली स्मृती ज्या प्रकारची असते ती जपानच्या तोशिबा कंपनीतल्या फुजिओ मासुओका यांनी शोधली आणि १९८४ साली जगापुढे मांडली. तिच्यातला एक मोठा भाग एका दमात पुसला जातो. ते पाहून त्यांच्या एका सहकाऱ्याला कॅमेऱ्याचा फ्लॅश आठवला आणि नाव पडलं. आपल्या पाटीवर एक अक्षर बोटाने पुसता येतं. इथे तसं नाही. लिहायच्या आधी अख्खा भाग कोरा करावा लागतो. म्हणूनच कोणता भाग पुसायचा हा प्रश्न इतका जिवावरचा.

प्रत्येक घराण्याचं अवजार वेगळं. सॅमसंगच्या फोनसाठी ‘ओडिन’ नावाचं सॉफ्टवेअर चालतं. हे नाव उत्तर युरोपातल्या पुराणांतल्या देवाचं. शाओमीसाठी ‘मी फ्लॅश’. माझ्या फोनच्या पोटात तैवानच्या मीडियाटेक कंपनीची चिप होती, तिच्यासाठी ‘एसपी फ्लॅश टूल’. मुलाने फोनचं झाकण काढलं, बॅटरीखालच्या चिकटपट्टीवरचा मॉडेल नंबर लिहून घेतला. मग दोन बटणं एकत्र दाबून एक काळा पडदा आणला. त्यावर बारीक अक्षरांत आवृत्तीचा क्रमांक होता.

‘हा नंबर तंतोतंत जुळला पाहिजे,’ तो म्हणाला. ‘मॉडेल एकच असलं तरी आतला डिस्प्ले वेगळा असतो कधीकधी. दुसरी फाइल मारली तर स्क्रीन पांढरा पडतो, नाहीतर टच उलटा चालतो. आणि काका, या यादीत ते ‘वाइप डेटा’ दिसतंय ना? घरी बसून लोक तेच दाबतात आणि मग माझ्याकडे येतात.’

मी मनातल्या मनात हात जोडले. तो पडदा घरी मला सापडला असता तर मीही तेच दाबलं असतं.

फाइल दीड जीबीची. ती उतरेपर्यंत त्याने फोन तासभर चार्जिंगला लावला, कारण मध्येच बॅटरी संपली तर सगळंच संपलं. या फाइलबरोबर एक छोटी मजकुराची फाइल येते, तिला ‘स्कॅटर’ म्हणतात. तो फोनच्या स्मृतीचा सात-बाराच समजा. कोणता तुकडा कुठून सुरू होतो, किती मोठा, त्यात काय पेरलंय. ती उघडताच पडद्यावर यादी आली : प्रीलोडर, बूट, रिकव्हरी, सिस्टीम, लोगो, आणि खाली ‘युजरडेटा’. प्रत्येकापुढे बरोबरची खूण. मुलाने ‘युजरडेटा’पुढची खूण काढली. मग ‘प्रीलोडर’पुढचीही काढली.

‘ही का?’

‘ते चांगलं आहे तर हात कशाला लावा? प्रीलोडर चुकला तर फोनची वीट होते.’

इंग्रजीतही अशा फोनला वीटच म्हणतात, हे मला नंतर कळलं. पासोड्या विठोबाच्या शेजारी बसून विटेची भीती वाटावी, हा योग विलक्षणच.

वरच्या कोपऱ्यात तीन पर्याय होते. पहिला ‘डाउनलोड ओन्ली’ : खूण केलेले तुकडेच लिही. दुसरा ‘फर्मवेअर अपग्रेड’, तिसरा ‘फॉरमॅट ऑल’. तिसऱ्याने सगळं जातं. नुसते फोटो आणि आवाज नव्हेत, तर फोनची जन्मखूण असलेला पंधरा आकडी आयएमईआय क्रमांक ज्या तुकड्यात असतो तोही जातो. दुरुस्ती केंद्रातली ती मुलगी खोटं बोलत नव्हती. सगळं पुसून नवं लिहिणं सोपं, कमी वेळाचं आणि दर वेळी सारखं. दिवसाला पन्नास फोन हाताळणाऱ्या केंद्राला तेच परवडतं. कोणाचं काय वाचवायचं याचा विचार करायला एखाद्या फोनसमोर अडीच तास बसावं लागतं.

मुलाने बॅटरी काढून पुन्हा बसवली, कॉम्प्युटरवर बटण दाबलं आणि बंद फोनला केबल लावली. बंद फोन कसा ऐकणार, हा माझा प्रश्न. त्याचं उत्तर मला फार आवडलं. चिपच्या आत कारखान्यातच कोरलेला एक अगदी लहान प्रोग्रॅम असतो. तो पुसता येत नाही. वीज मिळताच तो क्षणभर थांबून विचारतो, पलीकडे कोणी आहे का? कॉम्प्युटरने वेळेत ‘ओ’ दिली तर तो दार उघडतो. नाही दिली तर नेहमीच्या वाटेने निघून जातो. वरचं सगळं मोडलं तरी तळाशी हा एक जण जागा असतो.

आधी लाल पट्टी सरकली. मग पिवळी पट्टी सुरू झाली, ती इंचाइंचाने. बाहेर पावसाचा जोर वाढला. दुकानातले दिवे एकदा मिचकले आणि टेबलाखालचा यूपीएस ओरडला. मुलाने केबलवर हात ठेवला, जणू ती निसटणार होती. मी काय केलं? मला आमच्या शाखेची कोअर बँकिंगची रात्र आठवली. २००६ सालचा एक शनिवार. जुन्या प्रणालीतली सगळी खाती नव्या प्रणालीत न्यायची होती. पहाटेपर्यंत आम्ही बाकी जुळवत बसलो. पैसान्‌पैसा जुळला. पण जुन्या लेजरच्या समासात हाताने लिहिलेल्या नोंदी तेवढ्या आल्या नाहीत. ‘बाईंना दिसत नाही, पैसे मोजून हातात द्यावेत,’ अशी एक नोंद होती. तिच्यासाठी नव्या प्रणालीत रकानाच नव्हता. यंत्राच्या लेखी तो डेटा नव्हता. तेव्हापासून मला सगळं जुळलं म्हणणाऱ्यांची थोडी धास्तीच वाटते.

पट्टी शंभरावर गेली आणि हिरवी खूण उमटली. मुलाने केबल काढून फोन सुरू केला. लोगो आला. गेला नाही. पाच मिनिटं तसाच राहिला. मग पडद्यावर अक्षरं आली : ‘अॅप्स तयार होत आहेत, १४३ पैकी १.’

‘झालं काका. डेटा आहे,’ तो म्हणाला.

‘तुला कसं कळलं?’

‘कोऱ्या फोनमध्ये १४३ अॅप्स कुठून येणार?’

हिशेबाचा हा असा पुरावा मी कित्येक वर्षांत पाहिला नव्हता.

फोन हातात आल्यावर मी पहिलीच फाइल लावली. जात्याची घरघर, खोकला, ‘सुरू झालं का रे तुझं यंत्र?’ आणि मग ओवी. शेजारच्या दुकानातला वायरी विकणारा माणूस डोकावला. मुलगा काही बोलला नाही. ओवी संपल्यावर त्याने फोन माझ्या हातातून परत घेतला. ‘आधी कॉपी, मग बिल,’ म्हणाला. एक प्रत माझ्या पेनड्राइव्हवर, आणि दुसरी त्याच्याकडच्या सीडीवर. सीडीवर मार्करने त्याने लिहिलं, ‘काकांची आक्का’. साडेतीनशे रुपये घेतले. त्या मुलाने मला माझंच रजिस्टर शिकवलं, आणि मेमो न देता.

त्याच अडीच तासांत मी आणखी एक गोष्ट पाहिली. एक गृहस्थ आले. त्यांच्या हातातला महागडा फोन जुन्या मालकाचा पासवर्ड मागत होता. मुलाने बिल विचारलं. बिल नव्हतं. मुलाने फोन काउंटरवरून त्यांच्याकडे सरकवला. आतल्या भिंतीवरही एक पाटी होती : ‘आयएमईआयचं काम होणार नाही.’ ज्या वायरीने माझी बहीण परत आली, त्याच वायरीने चोरीचा फोन धुऊन निघतो, त्याची जन्मखूण बदलता येते. २०१७ च्या नियमांनी आयएमईआयमध्ये फेरफार करणं हा तीन वर्षांपर्यंतच्या कैदेचा गुन्हा ठरवला आणि २०२३ च्या दूरसंचार कायद्यानेही तो गुन्हाच मानला आहे. वाचकांनी एवढं जरूर करावं : फोनवर *#०६# दाबावं, येणारा पंधरा आकडी क्रमांक वहीत लिहून ठेवावा. फोन हरवला तर शासनाच्या ‘संचार साथी’ या व्यवस्थेतून तो बंद करायला हाच क्रमांक लागतो.

गेल्या वर्षी मी पुन्हा त्या दुकानात गेलो. दुकान आता सहा फूट झालं आहे. पाटी तीच. मी विचारलं, ‘तेव्हासारखं आज करता येईल?’ तो हसून नाही म्हणाला. २०१९ साली अँड्रॉइडची दहावी आवृत्ती आली. ती घेऊन बाजारात आलेल्या फोनांपासून आतली माहिती सांकेतिक लिपीत ठेवणं सक्तीचं झालं. शिवाय फोनचं मुख्य कुलूप उघडायला गेलं की माहिती आपोआप नष्ट होते. ‘चोरासाठी चांगलं आहे काका. म्हणजे चोरापासून वाचायला,’ तो म्हणाला, ‘पण कुलूप तोडलं की तिजोरीतला माल जळतो. विसरभोळ्या माणसाचं अवघड आहे.’ विसरभोळा कोण, ते त्याने सौजन्याने सांगितलं नाही.

त्याचं म्हणणं मला पटतं आणि खुपतंही. माझा फोन दुसऱ्याच्या हाती पडला तर माझं खासगी आयुष्य त्याला दिसू नये, हे योग्यच. पण त्याबरोबर चूक करून ती निस्तरण्याची वाटही बंद होत चालली आहे. आता चुकीच्या आधीच शहाणं व्हावं लागतं. आमच्या पिढीला हे जड जातं.

आणि तरीही मला वाटतं, आक्कापुढे हा प्रश्न कधी आलाच नसता. तिला ओव्या आईकडून आल्या, आईला आजीकडून. जात्याला दोघी बसायच्या. एक गायची, दुसरी ऐकताऐकता शिकायची. गावातली प्रत्येक बाई म्हणजे एक प्रत होती. हेमा राईरकर आणि गी पॉइत्वाँ यांनी महाराष्ट्रातल्या खेडोपाडी फिरून एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या, त्या अशा असंख्य प्रतींमधून. गिरणी आली, बायकांचे हात सुटले. ते चांगलंच झालं, आक्काच्या खांद्याला विचारा. पण प्रती काढणं थांबलं. शेवटची प्रत एका फोनमध्ये उरली आणि तो माझ्यासारख्याच्या खिशात होता.

आज त्या त्रेसष्ट ओव्या चार ठिकाणी आहेत. मी एक रजिस्टर केलं आहे. दर महिन्याच्या एक तारखेला एकेक प्रत उघडून बघतो आणि सही मारतो. सौ. हसते. चौथी प्रत कराडला आक्काच्या नातीकडे आहे. तिने त्यातल्या अकरा ओव्या पाठ केल्या, आणि या संक्रांतीला फोनवरून मला दोन म्हणून दाखवल्या. तिची चाल आक्कापेक्षा थोडी वेगळी लागते, एका ठिकाणी शब्दही बदलला आहे. बँकेत असतो तर मी फरक लाल शाईने दाखवला असता. इथे तसाच राहू दिला.